पाचव्या गल्लीतला उजेड कोण खातं?

गारठ्याचा महिना, २ तारीख. पहिल्या घंटेनंतर (बऱ्याच नंतर).

आजपासून रोजनिशी. ही कुणाच्याही हाती लागता कामा नये, म्हणून ती कुठे ठेवतो हेसुद्धा इथे लिहीत नाही. (गादीखाली.)

कारण: संशय. गेल्या वर्षी पाचव्या गल्लीत अक्षरपाटी चौदा पावलांवरून वाचता येत होती. आज मोजलं, तर बारा. दोन पावलं उजेड गेला कुठे? उजेडाला काही पाय नसतात. आमचं गाव डोंगराच्या पोटात. इथे ना ऊन येतं, ना चांदणं. भिंतीवर उजळीचे पापुद्रे वाढतात, ते चमकतात, तेवढाच काय तो उजेड. आणि पाचव्या गल्लीतली उजळी राखायची जबाबदारी गेली अठरा वर्षं माझी. अठरा वर्षांत एक दिवस रजा घेतलेली नाही. (आजारपणाच्या सोडून. आणि हक्काच्या सोडून.)

२४ तारखेला वार्षिक मोजणी. मोजणीसाहेब स्वतः पाटी घेऊन येणार. मुख्य राखे रिटायर होतायत, तेव्हा ज्याच्या गल्लीत पंधरा पावलं भरतील त्याचं प्रमोशन नक्की. दहाच्या खाली गेलं तर नोकरीही जाते आणि नोकरीचं क्वार्टरही. तो प्रश्न माझ्या बाबतीत येत नाही. नोंद असावी म्हणून लिहिलं.

संकल्प: उद्यापासून पहिल्या घंटेला उठून भिंतीवर स्वतःच्या हाताने पाणी शिंपायचं. चोर पकडायचा.

३ तारीख.

पहिली घंटा वाजलीच नाही. घंटावाल्यावर नजर ठेवायला हवी. ही म्हणते की वाजली, चांगली दोनदा वाजली, तुम्हीच उशी कानावर ओढून घेतलीत. झोपेत केलेल्या गोष्टींना मी जबाबदार नाही.

बाहेर गेलो तर भिंत आधीच ओली. हे गेले काही महिने पाहतोय. मी पोचायच्या आत भिंत आपली ओली होऊन तयार. अठरा वर्षं वळण लावलं, त्याचं हे फळ. रजिस्टरमध्ये ‘पाणी घातले’ लिहून सही केली. रजिस्टरच्या रेघा हल्ली फार फिक्या छापतात. डिपार्टमेंटमध्ये शाईची चोरी होते की काय, बघायला हवं.

संशयित:

गोगलगाय. चौथ्या गल्लीचा राखा. चालणं सावकाश, बोलणं त्याहून सावकाश, म्हणून हे नाव. त्याची उजळी कोपऱ्यापर्यंत आलीय. एवढी वाढते कशी? कुणाचं खाऊन?

शिंपी. गल्लीच्या टोकाला दुकान. सकाळपासून संध्याकाळपर्यंत उजेड वापरतो. किती वापरतो, काही मोजमाप?

मेहुणा. आठ दिवसांसाठी म्हणून आला, त्याला सात महिने झाले. काम काही नाही. विचारलं की हसतो.

५ तारीख. दुसऱ्या घंटेला.

शिंप्याकडे सहज गेल्यासारखं गेलो. प्रमोशनच्या समारंभासाठी कोटाचं माप दिलं. मापं घेताना विचारलं, उजेड कमी झाल्यासारखा वाटतो का? तो म्हणाला, छे हो, उलट यंदा बरा आहे, सुईत दोरा एका फटक्यात जातो. असं म्हणून त्याने माझ्यासमोर ओवूनही दाखवला.

इतक्या तत्परतेने दाखवायचं कारण? मी काही पुरावा मागितला नव्हता. शिंप्याचं नाव यादीत एक नंबर वर.

येताना उंबऱ्यापाशी मेहुणा उभा होता, त्याला जरा बोललो. काहीच उत्तर नाही. जवळ गेल्यावर कळलं, खुंटीवरचा हिचा ओव्हरकोट होता. खुंट्या कुणी हलवल्या?

७ तारीख. तिसऱ्या घंटेनंतर, जेवून.

सापडला! मेहुण्याच्या बोटांची टोकं चमकतात!

पान वाढलं होतं. घास तोंडाकडे नेताना त्याची बोटं हिरवट उजळली. मी नजर हटवली नाही. तो मात्र निवांत जेवत होता. निर्ढावलेला. मी म्हटलं की बोटांना काय लागलंय. तो म्हणाला, भावोजी, भिंतीला हात लागला असेल. आता ज्याला काम ना धंदा, त्याचा हात भिंतीला का लागावा? हिने लगेच विषय बदलून मला अजून वाढलं. बहीण-भावाचं संगनमत. वाढलेलं मात्र खाल्लं, अन्नाशी माझं वैर नाही.

आणखी एक. भांड्यांचं धुवण ही बादलीत साठवते आणि बाहेर घेऊन जाते. कुठे, विचारलं. टाकायला, म्हणाली. मोरी घरात असताना?

९ तारीख.

सापळा. पहिल्या घंटेच्याही आधी उठून (हो, उठलो!) गल्लीतल्या कोनाड्यात लपून बसलो. हातात काठी. डोळ्यांत तेल घालून पहारा.

दुसऱ्या घंटेला जाग आली. अंगावर घोंगडी होती. मी घोंगडी नेली नव्हती. म्हणजे चोर येऊन गेला, एवढंच नाही, त्याने मला झाकूनही ठेवलं, मला काही दिसू नये म्हणून. पायावर पाण्याचे शिंतोडे. भिंत ओली.

घोंगडी आमच्याच घरची निघाली. चोराला घरातली माहिती आहे.

११ तारीख.

आता शास्त्रशुद्ध मार्ग. काल उजळीच्या सगळ्यात मोठ्या पापुद्र्याभोवती खडूने रेघ ओढली होती, अगदी कडेला चिकटवून. कुणी खरवडलं की कड आत सरकणार, रेघ बाहेर राहणार. गुन्हा सिद्ध.

आज पाहिलं, तर उजळी रेघेच्या बाहेर बोटभर! याचा अर्थ एकच. चोराने घाबरून रेघ पुसली आणि मला चकवायला आत काढली. हस्ताक्षर हुबेहूब माझं. हुशार माणूस दिसतो.

पाटी मोजली. अकरा पावलं. पाटीच्या अक्षरांभोवती हल्ली एक धुरकट कडंही दिसतं. हे नवीन लक्षण. उजळीला रोग लागला असावा. लावला असावा.

१२ तारीख. माझ्या आयुष्यातला महत्त्वाचा दिवस.

डिपार्टमेंटच्या कपाटातून मोठं भिंग आणलं आणि उजळीचा कपचा त्याखाली धरला. काय पाहिलं! उजळी एक जीव नाहीच. पांढऱ्या दोऱ्यांची एक जाळी आहे, घट्ट विणलेली, कष्टाळू, भिंतीला धरून बसलेली. आणि त्या जाळीच्या आत हिरवे गोल कण बसलेत. ऐसपैस. जाळीने घर बांधायचं, ओल धरायची, वारा-थंडी सोसायची, आणि यांनी आत बसून राहायचं!

अठरा वर्षं माझ्या नाकाखाली घुसखोरी चालू आहे. उजेड कोण खातं ते कळलं. बाहेरचा चोर नाहीच, हे आतले आहेत. (बाहेरचेही असतीलच. कणांना आत कुणी सोडलं?)

घरी आलो. मेहुणा गादीवर ऐसपैस बसला होता. त्याच्याकडे बराच वेळ बघितलं.

१३ तारीख.

राख्यांची मार्गदर्शिका काढली. पान बेचाळीस, मोठ्या अक्षरांत मथळा: ‘उजळीतील दोन जीव’. म्हणजे डिपार्टमेंटला ठाऊक होतं! खाली बारीक टाइपात पानभर मजकूर. जे महत्त्वाचं असतं ते मोठ्या अक्षरांत छापतात, त्यामुळे बारीक वाचायची गरज नाही. (प्रयत्न केला. ओळी एकमेकींत शिरतात. छपाई भिकार.) ‘खारे पाणी’ आणि ‘हिरवे कण’ एवढे शब्द सापडले. ‘मरतात’ हाही. पुरे. खाऱ्या पाण्याने हिरवे कण मरतात. उपाय छापून दिलेला असताना अठरा वर्षांत कुणीही केला नाही. सरकारी कारभार.

कोपऱ्यावर गोगलगाय भेटला. माझ्या हातातली मिठाची पिशवी बघून त्याने विचारलं. मी उडवाउडवी केली. तेव्हा तो त्याच्या त्या संथ आवाजात म्हणाला की बाबा रे, ते दोघं मिळूनच उजळी होते, जाळी घर धरते आणि कण रांधतात, एकाला काढलंस की दुसरा उपाशी मरतो. एवढं वाक्य संपायला अर्धा तास लागला.

आता विचार करू. पंधरा पावलांच्या शर्यतीत माझा एकमेव प्रतिस्पर्धी कोण? गोगलगाय. त्याला माझ्या भिंतीतले घुसखोर जिवंत राहायला का हवेत? दोन आणि दोन चार. त्याने अडवलं नसतं तर कदाचित मी कचरलो असतो. आता नाही.

१४ तारीख. चौथ्या घंटेला.

प्रयोग. आमच्या स्वयंपाकघरातल्या भिंतीवर हातभर जागेत खारं पाणी मारलं. मेहुणा मध्ये आला, माझा हात धरला. भावोजी, नका करू, मरेल ती, असं म्हणाला. ज्याचं पोट आयतं भरतं त्याला अशा वेळी भीती वाटणारच. मी हात सोडवून घेतला.

आणि काय सांगावं! घटकाभरात तो तुकडा असा काही पेटला! लखलखाट! ही डोळ्यांवर पदर घेऊन बाहेर गेली. मी पाटी लावून मोजलं, स्वयंपाकघरापासून थेट दाराबाहेर, चौदा पावलं! आणि हा हातभर तुकडा. अख्खी गल्ली धुतली तर वीस भरतील. पंचवीससुद्धा.

मुख्य राखा झाल्यावर पहिलं भाषण काय करायचं, याचे मुद्दे काढले. एकूण सतरा.

१५ तारीख.

घरातलीही साफसफाई केली. मेहुण्याला सांगितलं, सात महिने झाले, आता आपली सोय बघ. मोठ्याने बोललो नाही. (शिंप्याने दुकानातून ऐकलं म्हणे. दुकान चाळीस पावलांवर आहे. कान टवकारून बसला असणार.) मेहुण्याने वळकटी बांधली, माझ्या पाया पडला आणि गेला. पाया कशाला पडला? त्या वेळी खिशातून काही काढलं का ते तपासलं. सगळं जागेवर होतं.

ही रडली. म्हणाली, तुम्हाला काही दिसतच नाही. मी म्हटलं, मला सगळं दिसतं. मग तिनेही चार लुगडी पिशवीत भरली. भावाची खोली लावून देऊन येते, म्हणाली. खोली कुठे? गोगलगायीच्या माळ्यावर! शत्रूच्या गोटात! आता काही सिद्ध करायचं उरलंय?

बरं झालं. घर शांत. एकाग्रतेने काम करता येईल.

१७ तारीख.

संपूर्ण पाचवी गल्ली, दोन्ही भिंती, खाऱ्या पाण्याने धुऊन काढली. बावीस बादल्या. एकट्याने. कंबर मोडली, पण मन कसं हलकं.

दुपारी गल्ली पेटली. लोक दारांत आले. शिंप्याने दुकानाला पडदा लावला, डोळे दिपतात म्हणाला. एवढी स्तुती त्याच्याकडून अपेक्षित नव्हती. मी कोनाड्यात उभा राहून सगळ्यांचं कौतुक स्वीकारलं. कुणी थेट येऊन बोललं नाही, पण माणसाला कळतं.

गोगलगाय कोपऱ्यापर्यंत आला, भिंतीकडे पाहिलं, डोक्यावरची टोपी काढली आणि तसाच परत गेला. आदर.

हिला हे दाखवायला हवं होतं. निरोप पाठवावा का? नको. आपण होऊन येईल.

१९ तारीख.

उजेड थोडा बसलाय. साहजिक आहे. एवढ्या मेहनतीनंतर जाळीला विश्रांती लागणारच. आता तिच्या डोक्यावर कुणाचं ओझं नाही, दोन दिवसांत ताजीतवानी होईल. नऊ पावलं.

जेवण जमत नाही. काल डाळ करायला गेलो, ती भांड्याला घर करून बसली.

२१ तारीख.

एक गोष्ट खटकते. भिंत आता आपोआप ओली होत नाही. गेले सहा दिवस पाहतोय, पहिल्या घंटेला कोरडी, दुसऱ्या घंटेला कोरडी. सात महिने न चुकता ओली होणारी भिंत नेमकी याच आठवड्यात वळण विसरली? घातपात. पाणी कोण अडवतंय?

संकल्प: उद्या पहिल्या घंटेला उठून पाणी. आज उठलो होतो, पण बादली सापडली नाही. बादलीची जागा हिला माहीत.

उजळीचे पापुद्रे गळायला लागलेत. खाली राखाडी चुरा पडतो. झाडून घेतला. पाच पावलं. पाटी कुणीतरी बदलली असावी.

२२ तारीख.

कोट आला. डावी बाही उजवीकडे, उजवी डावीकडे, आणि खिसा पाठीवर. शिंप्याला जाब विचारला. तो चक्क माझ्यावर ओरडला. म्हणाला, पाठपोट दिसत नाही मला दुकानात, तीन दिवस बोटांत सुया टोचून घेतोय, तुमच्या कोटाचं काय घेऊन बसलात, माझं दुकान बुडायला आलंय. मग त्याने दोन्ही हात पुढे केले. बोटांना फडकी बांधलेली होती.

मी कोट घेऊन आलो. त्याचं नाव यादीतून काढून टाकलं. तात्पुरतं.

२३ तारीख. दुसऱ्या आणि तिसऱ्या घंटेच्या मध्ये.

उद्या मोजणी. तातडीचा उपाय. माझी जी उजळी चौथ्या गल्लीत गेली ती परत आणायची. ही चोरी नव्हे, ही वसुली. चाकू आणि टोपली घेऊन कोपऱ्यावर गेलो. तिथली उजळी अशी काही फुललीय की भिंत दिसत नाही. खरवडायला सुरुवात केली.

मागे कुणीतरी उभं असल्याचं कळलं. मेहुणा. हातात बादली, झारी, खांद्यावर ओलं फडकं. गोगलगायीकडे काम करतो म्हणे. मी म्हटलं, धूळ झटकतोय. तेव्हा लक्षात आलं की माझीच बोटं हिरवी चमकतायत. हात मागे घेतले. त्याने पाहिलंच होतं.

तो म्हणाला, घ्या भावोजी, हवं तर घ्या, पण अशी चिकटवलेली धरत नाही, तिला तीन वर्षं लागतात. माझी टोपली त्याने स्वतःच भरून दिली. चाकू न लावता, ओल्या बोटांनी, अलगद, मुळासकट. हे कुठे शिकलास, विचारलं. म्हणाला, तुमच्याच गल्लीत.

काही तरी सुटतंय मला यात. नंतर विचार करीन. आधी खळ शिजवून पापुद्रे चिकटवायचे आहेत.

चौथ्या घंटेला: सगळे पडले.

२४ तारीख. मोजणी.

मोजणीसाहेब आले. कोट घातला होता, पाठ भिंतीला लावून उभा राहिलो, खिसा दिसू नये म्हणून.

साहेबांनी पाटी लावली, पंधरा पावलांवर गेले. मग दहावर आले. मग पाचवर. शेवटी नाक पाटीला लागलं, तेव्हा म्हणाले, हां, ‘क’ असावा.

एक पाऊलसुद्धा भरलं नाही.

त्यांनी विचारलं, काय केलंस? मी सांगितलं: घुसखोर काढले, कारण उजेड चौदावरून बारावर आला होता, मी स्वतः मोजला होता. साहेबांनी गेल्या महिन्याच्या कच्च्या तपासणीची नोंद काढली. ते म्हणाले की डिपार्टमेंट दर गल्लीत गुपचूप एक माणूस पाठवतं. पाचवी गल्ली, गेल्या महिन्याची २८ तारीख. सतरा पावलं. सगळ्या गावात पहिली.

सतरा.

मग ते मला हाताला धरून चौथ्या गल्लीत घेऊन गेले आणि तिथे पाटी लावली. साहेबांनी अठरा पावलांवरून वाचली. शिंप्याने सतरावरून. घोळक्यात ही उभी होती, तिनेही सतरावरून वाचली. मला म्हणाले, वाच. मी दहावर येईपर्यंत चालत राहिलो. कुणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं.

साहेब म्हणाले, उजेड कुणी खाल्ला नव्हता रे. डोळे दाखवून घे.

२५ तारीख.

डोळ्यांचे वैद्य म्हणाले, दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, चांगला पिकलेला. विचारलं, माणूस समजून कोटाशी वगैरे बोलता का? मी म्हटलं, एकदाच. गारठा सरल्यावर काढू, म्हणाले.

डिपार्टमेंटचा हुकूम आला. हिने वाचून दाखवला. (परत आली आहे. तिला काय म्हणायचं ते ठरवत होतो, तोवर तिने डाळीचं भांडं घासायला घेतलं.) मुख्य राखा: गोगलगाय. पाचव्या गल्लीचा राखा: मेहुणा. क्वार्टर राख्याचं. मी दोन दिवसांत जागा खाली करायची.

हुकूम वाचून झाल्यावर मी तिला विचारलं, भिंतीला रोज पाणी कोण घालत होतं? ती म्हणाली, तो आल्यापासून तोच, त्याच्या आधी मी, तुम्ही झोपलेले असायचात. आणि धुवण? तेही भिंतीलाच, खत म्हणून. सांगितलं का नाहीस, म्हटलं. म्हणाली, रजिस्टरवर तुमची सही असायची ना, म्हटलं बरं वाटत असेल तुम्हाला.

भाषणाच्या कागदावर तिने चुलीवरचं पातेलं ठेवलं.

२७ तारीख.

ट्रंक बांधून दारात ठेवली. हिने दोनदा विचारलं, जायचं कुठे. मी सांगितलं की एक-दोन ठिकाणं डोक्यात आहेत. नव्हती.

दुसऱ्या घंटेला मेहुणा वळकटी घेऊन आला. मी किल्ली पुढे केली. त्याने घेतली नाही. ट्रंक उचलून आत नेऊन ठेवली आणि स्वतः बाहेरच्या खोलीत, पूर्वी झोपायचा तिथेच, वळकटी सोडली. म्हणाला, आतली खोली तुम्हा दोघांचीच आहे, भावोजी. आणि साहेबांना सांगून आलोय की मला हाताखाली एक अनुभवी माणूस लागेल, त्यांनी तुमचं नाव मान्य केलंय. डोळे बरे होईपर्यंत नुसती बादली धरा, म्हणाला.

मी म्हटलं, बघतो, विचार करून सांगतो. माणसाने एकदम हो म्हणू नये.

मग गल्लीत गेलो. दोन्ही भिंती उघड्या, काळ्या. शिंपी सामान हातगाडीवर चढवून चौथ्या गल्लीकडे निघाला होता. मी गाडीला हात लावला. त्याने नको म्हटलं नाही. कोपऱ्यापर्यंत दोघांनी मिळून ढकलली. तिथे थांबून मी म्हटलं, चुकलं माझं. तो म्हणाला, हं. गाडी घेऊन गेला.

परत आलो तर मेहुणा ओल्या फडक्याने भिंतीचा चुरा पुसत होता. तीन वर्षांचं काम. ज्याला मी हाकलून दिलं, तो मला घरात ठेवतो, काम देतो, पुन्हा भावोजीही म्हणतो. यात त्याचा काय डाव असेल? दुपारभर पायरीवर बसून नीट विचार केला. पहिल्यापासून सगळं तपासलं. घोंगडी, बादली, जेवताना चमकणारी बोटं, पाया पडणं, भरून दिलेली टोपली. डाव सापडला नाही. पुन्हा तपासलं. तरी सापडला नाही.

फार वाईट वाटलं. उठून बादली धरली.